जिवंत चिरा

सध्या एक फँटसी जग लिहितेय आणि त्यातला माझा सगळ्यात लाडका भाग म्हणजे तिथला दगड, उमाळ, कारण तो जिवंत आहे. कल्पना अर्थात आपल्या जांभ्यावरून, कोकणातल्या त्या भोकाभोकाच्या तांबड्या दगडावरून. रत्नागिरीकडे घरं, गडगे, विहिरी सगळं जांभ्याचंच, खाणीतून ताजा काढलेला चिरा, म्हणजे दगडाचा ठोकळा, मऊ असतो, सहज तासता येतो, मग हवा लागून वाळला की कडक होत जातो. फ्रान्सिस बुकानन या स्कॉटिश डॉक्टर-सर्वेक्षकानं १८०७ मध्ये मलबारच्या जांभ्याबद्दल हेच लिहून ठेवलंय. लोहाचे ऑक्साइड भरपूर, म्हणून रंग तांबडा.

माझा उमाळ मात्र खाणीतून काढल्यावर पण वाढत राहतो, पावसात भोकाभोकातून पाणी पितो आणि शेजारच्या चिऱ्याला घट्ट धरतो, त्यामुळे भिंतीला चुना लागतच नाही. पण त्याला घरात माणसांचा वावर लागतो, चुलीची ऊब, बोलणं, श्वासाचा ओलावा. सगळे शहरात गेले आणि घराला कुलूप लागलं की भिंत हळूहळू मरते, नुसता दगड उरतो. हे लिहिताना आमच्या वाडीतली बंद घरं सारखी डोळ्यासमोर येत होती, खरंच.

आणि कातळशिल्पं, कोकणात कातळावर कोरलेली ती जुनी चित्रं! ती तर हवीतच. उमाळाच्या सड्यावर, म्हणजे उघड्या कातळाच्या पठारावर, कोरलेलं चित्र जखमेसारखं भरून येतं, म्हणून गाव दर वर्षी मिरगाआधी जमून तेच हत्ती, तेच मासे परत कोरतं. कोरताना त्याला दुखतं का, हे पुढच्या भागात लिहिणारे, मला वाटतं दुखतं.