स्कॅनर सगळ्यात शेवटी: वृत्तपत्राचा जुना फोटो-संग्रह जपताना

जुन्या वृत्तपत्राचा फोटो-संग्रह जपायचा ठरला की पहिली चौकशी स्कॅनरची होते. कोणता घ्यायचा, किती वेगाचा, काम बाहेरून करून घ्यायचं का? ही चौकशी वर्षभर पुढे ढकलली तरी काही बिघडत नाही. कपाटातल्या काही निगेटिव्ह मात्र वर्षभर थांबणार नाहीत. आणि पाकिटांतले फोटो एकदा एकमेकांत मिसळले की ते मुळात कुठे होते हे कुठलंच यंत्र सांगू शकत नाही. म्हणून आधी काय आहे ते ओळखायचं, धोक्याचा माल वेगळा काढायचा, पाकिटं-खोकी बदलायची, थंडाव्याची सोय करायची आणि मग स्कॅनिंगकडे वळायचं.

संग्रहात किती फोटो आहेत हे सहसा कोणालाच नेमकं ठाऊक नसतं. प्रत्येक कपाटातला एक खण घ्या, त्यातल्या दहा सेंटिमीटर जाडीत किती नग बसतात ते मोजा आणि खणांच्या एकूण लांबीच्या हिशेबाने गुणा. अंदाजपत्रकाला एवढा आकडा पुरतो. त्याच फेरीत प्रत्येक खणातलं एक पाकीट उघडून पाहा. आत प्रिंट आहेत की निगेटिव्ह, काही चिकटलंय का, कडा पिवळ्या पडल्यात का, हे खणाच्या क्रमांकासह लिहा. वास येत असेल तर तोही लिहा. या फेरीत डोळ्यांइतकंच काम नाकाला असतं.

व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर ती ॲसिटेट फिल्म. 'सेफ्टी फिल्म' म्हणून ती विकली जायची, कारण ती नायट्रेट या आधीच्या ज्वालाग्राही फिल्मसारखी भडकत नाही, पण टिकायला ती नायट्रेटहून फार सरस निघाली नाही. दमट आणि गरम हवेत तिच्यातून ॲसेटिक आम्ल सुटतं आणि तेच आम्ल पुढच्या विघटनाला वेग देतं. २१ अंश सेल्सिअस आणि ५० टक्के आर्द्रता या आरामशीर खोलीतसुद्धा नव्या फिल्मला सुमारे ४० वर्षांत ही लागण सुरू होते. पुढे फिल्मचा पाया आक्रसतो. वरचा जिलेटिनचा थर मात्र आक्रसत नाही, त्यामुळे तो सुटून त्याच्या उभ्या-आडव्या वळ्या पडतात. काही शीट फिल्मवर निळे किंवा गुलाबी डाग उमटतात. फिल्म बनवताना घातलेला आणि डेव्हलप करताना रंगहीन झालेला रंग आम्लामुळे परत वर येतो, त्याचे हे डाग. वळ्या पडल्यावर निगेटिव्ह सपाट करण्याचा सोपा उपाय उरत नाही, म्हणून लागण त्याआधी पकडायला हवी. त्यासाठी ए-डी स्ट्रिप नावाच्या कागदी पट्ट्या मिळतात. पट्टी निगेटिव्हच्या बंद खोक्यात खोलीच्या तापमानाला एक दिवस ठेवायची. निळी राहिली तर ठीक, हिरवी झाली तर आम्ल सुटू लागलंय, पिवळी झाली तर उशीर झालाय. सोबत ० ते ३ अशी रंगांची मोजपट्टी येते. दीडच्या आसपास विघटन स्वतःच वेग घेतं, त्यामुळे तिथे पोचलेली खोकी आधी थंडीत जायला हवीत आणि आधी स्कॅनही व्हायला हवीत.

नायट्रेटचं प्रकरण वेगळं आहे. कोडॅकने नायट्रेट फिल्म बनवणं १९५१ पर्यंत पूर्ण थांबवलं, पण त्याआधीच्या दशकांतला माल वृत्तपत्रांच्या कपाटांत हमखास सापडतो. जळताना ही फिल्म स्वतःच ऑक्सिजन पुरवते, म्हणून पाण्याने किंवा कोंडून ती विझत नाही. १९२९ साली अमेरिकेत क्लीव्हलँड क्लिनिकमध्ये नायट्रेटच्या एक्स-रे फिल्म पेटल्या, तेव्हा १२० हून अधिक माणसं गेली आणि त्यातली बरीचशी विषारी धुराने गेली. ओळख पटवायला आधी कड पाहा. तिथे 'नायट्रेट' किंवा 'सेफ्टी' छापलेलं असू शकतं. कोडॅकच्या १९४९ पूर्वीच्या शीट फिल्मवर कोपऱ्याकडून पहिली खाच इंग्रजी 'व्ही'सारखी असेल तर नायट्रेट, 'यू'सारखी असेल तर सेफ्टी. एक फसगत इथे होते: नायट्रेट निगेटिव्हवरून कोणी सेफ्टी फिल्मवर नक्कल काढली असेल तर मूळ कडेवरची अक्षरंही नकलेत उतरतात. तेव्हा अक्षरं कडेवर मुळातच छापलेली आहेत की प्रतिमेचा भाग म्हणून आली आहेत, ते भिंगाखाली बघा. तुकडा कापून जाळून पाहण्याची चाचणी काही ठिकाणी सुचवलेली दिसते. ती इमारतीत करूच नये.

नायट्रेट सापडली की ती बाकीच्या सगळ्यापासून वेगळी, हवा खेळेल अशा खोक्यात ठेवायची. हवाबंद डबा किंवा पिशवी खोलीच्या तापमानाला नको, कारण सुटणारे वायू आत कोंडून विघटन वाढतं आणि शेजारच्या प्रिंटमधली चांदीही त्यांनी खराब होते. चिकट झालेल्या, तपकिरी भुकटी होत चाललेल्या फिल्मला स्वतः हात घालू नका. अग्निशमन खात्याला कळवा. ती कचऱ्याच्या पेटीत टाकणं बेकायदा तर असू शकतंच, शिवाय जिवावरचंही आहे.

आता प्रिंट. वृत्तपत्रातली प्रिंट स्टुडिओतल्या प्रिंटपेक्षा मुळातच कच्ची असते, कारण ती त्या रात्रीच्या आवृत्तीसाठी केलेली असते. कागदी प्रिंट नीट धुवायला तासभर लागायचा आणि छपाईचा ब्लॉक करणारा दारात उभा असायचा. म्हणून ती काही मिनिटांतच पाण्यातून निघायची. कागदात उरलेला हायपो, म्हणजे प्रतिमा पक्की करायचं रसायन, मग पुढची पन्नास वर्षं चांदीवर काम करत राहतो. फिकट भाग आधी पिवळे होतात आणि नंतर सबंध प्रतिमाच तपकिरी होऊन विरते. कडांवर निळसर आरशासारखी झळाळी दिसते, ती हवेतल्या प्रदूषणाने आणि दमटपणाने वर आलेली चांदी. ती पुसायची नाही. पुसली की प्रतिमेचाच भाग जातो. साठच्या दशकात घाईसाठी स्टॅबिलायझेशन कागद वापरात आला. मशीनमधून काही सेकंदांत निघणारी ही प्रिंट धुतलेलीच नसते. तिच्यातली रसायनं शेजारच्या प्रिंटमध्येही उतरतात, म्हणून ती वेगळी काढा. सत्तरच्या दशकापासून वृत्त-एजन्सीकडून तारेने येणारे लेझरफोटो उष्णतेने उमटणाऱ्या कागदावरचे. ते उजेडात आणि उष्म्यात काळवंडत जातात. स्कॅनिंगच्या रांगेत या दोन प्रकारांचा नंबर वर घ्यावा.

पण वृत्तपत्राच्या प्रिंटची खरी दौलत तिच्या पाठीवर असते. पालथी करून बघा. वर छायाचित्रकाराचा किंवा एजन्सीचा शिक्का, त्याखाली पेन्सिलीने लिहिलेली स्तंभांची रुंदी आणि फोटो लहान-मोठा करायची टक्केवारी, मध्ये चिकटवलेलं छापील फोटोओळीचं कात्रण आणि इकडेतिकडे तारखांचे तीन-चार शिक्के. या तारखा एकाच गोष्टीच्या नसतात. एक फोटो आल्याची, एक छापल्याची, एक कपाटात परत गेल्याची, आणि पाच वर्षांनी श्रद्धांजलीसाठी तोच फोटो पुन्हा वापरला तर आणखी एक. सगळ्यात जुना शिक्का म्हणजे फोटो काढल्याची तारीख, असं धरून चाललं की सूची चुकते. खात्री करायची तर त्या दिवसाचा अंक उघडूनच. पुढच्या बाजूला ग्रीस पेन्सिलीच्या कापाकापीच्या खुणा असतात, पांढऱ्या-करड्या रंगाने पुसलेली पार्श्वभूमी असते, कधी शेजारचा माणूसच रंगाखाली गेलेला असतो. संपादकीय निर्णय कसा झाला याचा हा पुरावा आहे. त्या खुणा 'साफ' करण्याचा मोह कितीही झाला तरी हात आवरायचा. त्यातला बराच रंग पाण्यात विरघळणारा असतो, तेव्हा ओला बोळा फिरवणं म्हणजे तो पुरावा कायमचा घालवणं.

कात्रण ज्या रबर सिमेंटने चिकटवलेलं असतं ते वाळून तपकिरी होतं आणि सुटतं. कात्रण पाकिटाच्या तळाशी पडलं की फोटोतला माणूस निनावी झाला. म्हणून पाकीट रिकामं करताना तळ तपासा. सुटलेलं कात्रण ज्या फोटोचं आहे अशी खात्री असेल, त्याचाच क्रमांक पेन्सिलीने त्यावर घाला आणि ते वेगळ्या कागदी घडीत त्याच फोटोसोबत ठेवा. खात्री नसेल तर 'याच पाकिटात सापडलं' एवढंच लिहा. वृत्तपत्राचा कागद आम्लयुक्त असतो, तो प्रतिमेच्या बाजूला टेकू नये.

पाकिटांचा मूळ क्रम मोडू नका, मग तो व्यक्तींच्या नावांनुसार असो, विषयांनुसार की गावांनुसार. तारीखवार लावण्याची कल्पना आकर्षक वाटते, पण एका मंत्र्याच्या पाकिटात कोणते फोटो एकत्र ठेवले होते ही माहिती त्यात नाहीशी होते. क्रमांक खोकं-पाकीट-नग असा द्या. जुन्या पाकिटावरचा मजकूर चुकांसकट उतरवा आणि दुरुस्ती वेगळ्या रकान्यात लिहा.

नवं साहित्य घेताना 'ॲसिड-फ्री' या शब्दावर विसंबू नका. फोटोंसाठी आयएसओ १८९१६ या आंतरराष्ट्रीय मानकाची फोटोग्राफिक ॲक्टिव्हिटी टेस्ट उत्तीर्ण झालेलं साहित्य मागा. ते चांदीच्या प्रतिमेवर खरोखर तपासलेलं असतं. पीव्हीसीची पाकिटं आधी काढा, कारण त्यांतून हायड्रोक्लोरिक आम्ल आणि तेलकट पदार्थ सुटतात. दमट हवेत ग्लासिनचा चकचकीत कागद निगेटिव्हला चिकटतो. रबरबँडमधलं गंधक चांदी काळी करतं, टाचण्या आणि क्लिपा गंजतात. जुन्या पाकिटाची शिवण मधोमध असेल तर तिथला डिंक ओल धरतो आणि प्रिंटवर बरोबर तसाच उभा पट्टा उमटतो. अशा प्रिंट ओळखायला फार सोप्या असतात. साध्या प्रिंटला पॉलिएस्टरचं पाकीट उत्तम. मात्र रंगकाम सुटत असेल तर पॉलिएस्टर नको, त्यातल्या स्थिर विजेने रंगाचे पापुद्रे ओढले जातात. तिथे कागदी पाकीट वापरा. लिहायचं ते फोटो आत घालण्यापूर्वी, पेन्सिलीने. आत फोटो असताना पाकिटावर बॉलपेन चालवलं तर अक्षरं प्रतिमेत उठतात.

काचेच्या प्लेट, म्हणजे काचेवरच्या जुन्या निगेटिव्ह, चारही बाजूंनी दुमडणाऱ्या कागदी घडीत, लांब कडेवर उभ्या ठेवायच्या. आडवी चळत केली की खालच्या फुटतात. १३ × १८ सेंटिमीटरची, दीड मिलिमीटर जाडीची प्लेट ८०-९० ग्रॅम भरते, म्हणजे पन्नास प्लेटचं खोकं साडेचार किलोच्या घरात जातं. त्याहून जड खोकी करू नका आणि बाहेर 'काच' असं ठळक लिहा. हाताळताना सुती हातमोजे नकोत, काच निसटते, नायट्राइलचे घ्या. पुसायची ती फक्त काचेची बाजू. तडकलेली प्लेट पुठ्ठ्याच्या खोबणीत आडवी ठेवायची, चिकटपट्टी लावायची नाही.

प्रिंट आणि प्लेटना १८-२० अंशांखालचं तापमान आणि ३० ते ५० टक्के आर्द्रता पुरते. आर्द्रता ६५ टक्क्यांवर गेली की जिलेटिनवर बुरशी धरते. दिवसा एसी चालू आणि रात्री बंद ही रीत सगळ्यात वाईट. चढउतारात जिलेटिन आणि कागद वेगवेगळे फुगतात-आक्रसतात. ॲसिटेटला मात्र खरी थंडी हवी. खास दालन परवडत नसेल तर बर्फ न साठणारा फ्रीझर चालतो. फिल्मचं खोकं आर्द्रता दाखवणाऱ्या कार्डासह जाड झिप पिशवीत घाला, ती पिशवी आणखी एका पिशवीत घाला आणि दोन्हींतली हवा काढा. बाहेर काढल्यावर पिशवी न उघडता २४ तास खोलीत ठेवा, नाहीतर थंड फिल्मवर दव धरतं.

पाणी हा सगळ्यात संभाव्य शत्रू. न्यूयॉर्क टाइम्सच्या तळघरातल्या फोटो-संग्रहात २०१५ साली पाइप फुटून पाणी शिरलं होतं. २०१८ मध्ये त्यांनी गूगलसोबत ५० ते ७० लाख फोटोंचं डिजिटायझेशन जाहीर केलं. खालचा खण जमिनीपासून किमान १५ सेंटिमीटर वर हवा आणि वरून पाइप जात असेल तर कपाट हलवा. प्रिंट भिजल्या तर ४८ तासांत निर्णय हवा. चिकटलेला गठ्ठा ओढून सोडवू नका आणि वाळूही देऊ नका. थंड स्वच्छ पाण्यात ठेवून एकेक सुटी करा आणि प्रतिमा वर ठेवून वाळवा. माल जास्त असेल तर मध्ये मेणकागद घालून गोठवा. काचेच्या प्लेट गोठवू नका, त्या आधी वाळवायला घ्या.

इतकं झालं की स्कॅनिंग. प्रिंट ४०० पीपीआयला (इंचाला ४०० पिक्सेल), रंगीत, दोन्ही बाजूंनी, चारही कडा दिसतील अशी. कृष्णधवल प्रिंटही रंगीतच घ्या, कारण शिक्क्यांची शाई आणि पेन्सिलीचा रंग ही माहिती आहे. ८ × १० इंचांची प्रिंट ३२०० × ४००० पिक्सेल होते. २४ बिट रंगाच्या टिफ फाइलमध्ये एका बाजूचे ३८ एमबी, दोन्हींचे ७७. एक लाख प्रिंट म्हणजे ७.७ टीबी आणि तीन प्रती ठेवायच्या तर २३ टीबी. हा आकडा यंत्र घेण्यापूर्वी हिशेबात धरा. ३५ मिलिमीटर निगेटिव्ह ४००० पीपीआयला. कॅमेरा, मॅक्रो लेन्स आणि कॉपी स्टँड असेल तर फ्लॅटबेडपेक्षा कितीतरी वेगाने काम होतं. निगेटिव्हचा सबंध रोल घ्या, फक्त छापलेली चौकट नको. छापलेल्या फोटोची प्रिंट बहुधा असतेच, न छापलेल्या पस्तीस चौकटी दुसरीकडे कुठेही नसतात. स्कॅनच्या मूळ फाइलवर धूळ काढणं, उजळ करणं असलं काही नको; ते तिच्या नकलेवर करा. तारेने आलेल्या वायरफोटोवरच्या आडव्या रेषाही राहू द्या, त्या पाठवण्याच्या पद्धतीच्या आहेत.

एजन्सीचे फोटो कपाटात असले तरी त्यांचा हक्क सहसा एजन्सीकडेच असतो. शिक्का पाहून तो रकाना आधीच भरा, नाहीतर पुढे प्रत्येक विनंतीला पाकीट पुन्हा उघडावं लागतं. फोटोओळ, तारीख, छायाचित्रकार आणि हक्क ही माहिती सूचीसोबत फाइलच्या आयपीटीसी रकान्यांतही (फोटोच्या फाइलमध्येच माहिती साठवायच्या ठरलेल्या जागा) लिहा आणि तिथेच खोकं-पाकीट-नग हा क्रमांकही घाला. प्रत्येक फाइलचा चेकसम, म्हणजे फाइल बदलली की बदलणारा तिचा आकडा, पहिल्याच दिवशी काढून ठेवा आणि तिन्ही प्रती वर्षातून एकदा त्याच्याशी ताडून पाहा. तिन्हींपैकी एक प्रत दुसऱ्या इमारतीत असू द्या.