उपसागराकाठची ती इमारत

फिलिपिन्समधल्या मनिला उपसागराच्या काठाने संध्याकाळी फिरायला निघालो की ग्रीक मंदिरासारख्या खांबांची एक भव्य वास्तू लागते आणि माझ्यासोबत असलेल्या ऑफिसातल्या ज्येष्ठ सहकारी बाई तिथे नेमकी झपाझप पावले उचलतात. हे मनिला फिल्म सेंटर. चित्रपट महोत्सवाची तारीख गाठण्यासाठी रात्रंदिवस बांधकाम चालू असताना १७ नोव्हेंबर १९८१ च्या पहाटे इथली परांची कोसळली आणि मजूर ओल्या सिमेंटमध्ये गाडले गेले. त्यांचे आत्मे अजून इथे आहेत, अशी बाईंची खात्री आहे.

तेव्हाचे हुकूमशहा राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस यांच्या पत्नी इमेल्दा यांच्या हट्टातून उभ्या राहिलेल्या या वास्तूत १९८३ च्या महोत्सवासाठी पैसा कमी पडला, तेव्हा सेन्सॉरची कात्री न लागलेले प्रौढांचे चित्रपट दाखवून तो उभा करण्यात आला. एरवी ही राजवट शिस्तीचा केवढा डांगोरा पिटत असे! त्याआधी, १९७० च्या ‘उहाव’ या चित्रपटापासून, ‘बॉम्बा’ म्हणजे उत्तान चित्रपटांची लाट आली होती. सेन्सॉरने पास केलेल्या रिळांत चित्रपटगृहातच भलते तुकडे जोडले जात, हे मॉर्निंग शोच्या काळातल्या आपल्या वाचकांना वेगळे सांगायला नको. १९७२ मध्ये लष्करी कायदा लागू झाल्यावर ही लाट दबली, पण निर्मात्यांनी १९७४ मध्ये पळवाट काढली: १९६९ ची मिस युनिव्हर्स ग्लोरिया डियाझ पडद्यावर आली ती पाण्याने अंगाला चिकटलेल्या कपड्यांत. नियमाला बोट लावायला जागाच उरली नाही.

या सगळ्यात ‘बोल्ड स्टार’ हा शिक्का बसला तो मात्र नट्यांवर, आणि मला हीच गोष्ट सर्वांत खटकते. २००१ मध्ये ‘लाइव्ह शो’ या चित्रपटाने पोटासाठी प्रेक्षकांसमोर संभोगाचे प्रयोग करणाऱ्यांचे दारिद्र्य दाखवले. चर्चने आक्षेप घेताच राष्ट्राध्यक्ष आरोयो यांनी त्याचे प्रदर्शन थांबवले आणि निषेध म्हणून सेन्सॉर मंडळाच्या अध्यक्षांनी राजीनामा दिला. दारिद्र्यावर काय उपाय करायचा, हा प्रश्न त्या गदारोळात मागेच पडला.

महामारीत चित्रपटगृहे बंद असताना, २०२१ मध्ये, असेच चित्रपट दाखवणारे व्हिवामॅक्स हे ॲप आले आणि हा सगळा मामला खिशातल्या फोनवर गेला. ते ऐकून बाई म्हणाल्या, “आमच्या वेळी निदान तिकिटाच्या रांगेत ओळखीचं कुणी भेटेल, ही भीती तरी होती.”