वेषांतर आणि कॅमेरा

व्हिक्टोरियन काळातील अतिनाट्यपूर्ण कादंबऱ्यांवर बेतलेले मूकपट पाहताना मला नेहमी एकच कुतूहल वाटते: पुस्तकात सहज खपून जाणारे वेषांतर कॅमेऱ्यापुढे टिकते कसे? एलेन वुड यांच्या 'ईस्ट लिन' (१८६१) या कादंबरीची सारी मदार अशाच एका वेषांतरावर आहे. नवरा आणि मुले सोडून गेलेली लेडी इझाबेल रेल्वे अपघातात विद्रूप होते, ती मेली असे सर्वांना वाटते, आणि मग निळा चष्मा लावून, मादाम व्हाइन या नावाने, ती आपल्याच मुलांची शिक्षिका म्हणून घरी परतते. नवऱ्याने तोवर दुसरे लग्न केलेले असते. वाचताना तिचा चेहरा दिसत नसल्यामुळे त्याने तिला ओळखले नाही हे आपण मुकाट्याने मान्य करतो. १९१६ च्या चित्रपटात मात्र ती थीडा बारा आहे, डोळ्यांसाठी गाजलेली मूकपटांची नटी, आणि ते डोळे नवरा विसरला, यावर विश्वास ठेवणे कठीण आहे.

तरीही मूकपटाला ही गोष्ट मानवते, असे माझे मत आहे. इझाबेलचा मुलगा विल्यम शेवटच्या आजारात अंथरुणाला खिळलेला आहे, उशाशी बसलेली बाई आपली आई आहे हे त्याला ठाऊक नाही, आणि तिला ते सांगण्याची सोय नाही. बोलपटातील नटीला इथे गप्प राहून दाखवावे लागले असते. मूकपटात सगळेच मुके असल्यामुळे तिचे मौन वेगळे दाखवावे लागत नाही, फक्त पुढे होऊन मागे घेतलेला हात पुरतो. 'मेला, आणि मला कधी आई म्हणाला नाही' हा या कथेतला सर्वांत गाजलेला आक्रोश मूळ कादंबरीत नाहीच, तो रंगभूमीने घातलेला आहे, आणि खरे सांगायचे तर बटबटीतही आहे.

विल्की कॉलिन्स यांच्या 'द वुमन इन व्हाइट'ची अडचण नेमकी उलटी. तिथे कट रचला जातो तो दोन स्त्रियांच्या साम्यावर, आणि थॅनहाउसर कंपनीच्या १९१७ च्या चित्रपटात फ्लॉरेन्स ला बॅडी हिने दोन्ही भूमिका केल्याने ते साम्य आपोआप पटते; मात्र अनेक साक्षीदारांनी आपापल्या परीने सांगितलेली हकीकत मूकपटात पडद्यावर झळकणाऱ्या मजकुराच्या पाट्यांच्या चार ओळींत मावत नाही.

मला खरी हळहळ वाटते ती मेरी एलिझाबेथ ब्रॅडन यांच्या 'लेडी ऑडलीज सीक्रेट'ची. तिथे नायिकेचे सोनेरी कुरळे केस आणि बालिश निरागसता हेच वेषांतर असते. १९१५ साली ही भूमिकाही थीडा बारानेच केली होती, आणि तो चित्रपट आज उपलब्ध नाही.