तुम्ही विचारलंत म्हणून: शेषस्वर गाता येतो का?

माझ्या कादंबरीतला शेषस्वर कोणत्या ग्रंथातून घेतला आणि तो प्रत्यक्ष गाता येतो का, हे दोन प्रश्न मला नेहमी एकत्रच विचारले जातात. कोल्हापुरात देवल क्लब या संगीतसंस्थेतली मैफल संपल्यावर चपला शोधतानाही त्यांतून सुटका नसते. अल्लादियाखाँसाहेब शाहू महाराजांच्या दरबारी गात असत, त्यामुळे कोल्हापूरच्या माणसाने संगीतातल्या गूढाविषयी लिहिले की ते एखाद्या घराण्याने दडवलेले गुपितच असणार, असा लोकांचा समज होतो. प्रत्यक्षात त्या गूढाचे मूळ साध्या गुणाकारात आहे.

षड्जाचा पंचम घ्यायचा, त्यालाच षड्ज मानून पुढचा पंचम घ्यायचा, असे बारा वेळा केले की सात सप्तके चढून आपण पुन्हा षड्जावर पोहोचायला हवे. पोहोचत नाही. पंचमाची कंपने षड्जाच्या दीडपट असतात आणि दर सप्तकाला कंपने दुप्पट होतात. एकाला बारा वेळा दीडने गुणले तर सुमारे १२९.७५ येतात, आणि सात वेळा केलेली दुप्पट १२८ वर थांबते. हार्मोनियमच्या लगतच्या दोन पट्ट्यांमधल्या अंतराचा जेमतेम पाव भाग उरतो, तोच माझा शेष.

कादंबरीतल्या देशात बारा डोंगरांवर बारा मठ आहेत आणि प्रत्येक मठाची घंटा आधीच्या घंटेच्या पंचमात ओतलेली आहे. बाराव्या घंटेचा पंचम मात्र पहिलीशी जुळत नाही, आणि त्या फटीतून मृतांचे बोलणे ऐकू येते. ती फट उघडायला दोन गायक लागतात, आणि त्यांतला एक दुसऱ्याला कायमचा विसरतो. (पहिल्या खर्ड्यात शेषस्वराने पाऊस पडत असे आणि दिवे लागत असत. ती मेघ आणि दीपक या रागांच्या दंतकथांची उसनवारी होती, काढून टाकली.) मठांचे भांडण आहे ते वाटणीवरून. शेष सर्वांनी सारखा वाटून घेतला तर मृत गप्प होतील, पण एकही पंचम शुद्ध राहणार नाही. एकाच मठाने तो सोसला तर उरलेल्या अकरांचे पंचम शुद्ध राहतील आणि त्या एकाचा विव्हळेल. युरोपातले वाद्य जुळवणारे अशा पंचमाला लांडगा म्हणत. हार्मोनियमने समान वाटणी पत्करली, म्हणून तिथला प्रत्येक पंचम केसभर उतरलेला असतो.

आता गाण्याविषयी. शेष हे दोन स्वरांमधले अंतर असल्यामुळे एका गळ्याला तो गाता येत नाही, दोन तारांना मात्र येतो. माझ्याकडे मिरजेचा तानपुरा आहे. घोडीवर तारेखालचे सूत नखाने सरकवत आणले की एका जागी तार अचानक बोलू लागते आणि खर्जाच्या तारेतून कोणीही न छेडलेला गांधार उमटतो. तेवढी जवारी, म्हणजे तारेची ती गुंजन, लागल्यावर षड्जात जुळवलेल्या जोडीच्या एका तारेचा मणी सरकवून ती किंचित चढवावी. षड्ज २४० कंपनांचा असेल आणि तार नेमकी शेषाएवढी चढली असेल, तर आवाज कमी-जास्त होत सेकंदाला तीनहून थोडे अधिक हेलकावे ऐकू येतात. माझ्या घरी तेवढ्यात स्वयंपाकघरातून आवाज येतो, "अहो, आधी तो तानपुरा जुळवा."