मामाला कार लागली होती, तेव्हापासून मी कूपन भरत नाही

अमेरिकेत एचजीटीव्ही म्हणून चॅनेल आहे, ते 1997 पासून दरवर्षी एक सजवलेलं घर सोडतीत देतात, पहिलं वायोमिंगमधल्या जॅक्सन होलला होतं. परवा रात्री त्याचे व्हिडिओ पाहत बसलो होतो, तर कळलं की बहुतेक जिंकणारे घर घेतच नाहीत, त्याऐवजी रोख रक्कम घेतात, आणि ती घराच्या किमतीपेक्षा चांगलीच कमी असते. बायको म्हणाली, वेडे आहेत का हे लोक. मी म्हटलं, मामाला विचार.

मामाला दसऱ्याच्या खरेदीवर कूपन मिळालं होतं, नागपूरच्या सीताबर्डीतल्या एका दुकानाचं, नाव नाही सांगत. पहिलं बक्षीस 6 लाखांची कार, आणि लागलीच ना! घरात पेढे, महाल भागातले सगळे नातेवाईक हजर. मग दुकानवाल्याचा फोन आला, काका 1 लाख 80 हजार भरा, मग चावी नेजा. मामा म्हणे, "काहून बाप्पा, बक्षीस आहे का उधारी?" पण दुकानवाला खोटं बोलत नव्हता. आपल्याकडे लॉटरी-सोडतीच्या बक्षिसावर सरळ 30 टक्के टॅक्स, वर सेस म्हणजे टॅक्सवर टॅक्स, तुमचा स्लॅब काहीही असो, आणि बक्षीस वस्तूत असेल तर टॅक्स भरला गेल्याशिवाय देणाऱ्याला ते सोडता येत नाही. मामाने एफडी मोडली, आरटीओ आणि इन्शुरन्सचे वेगळे गेले, आणि आठ महिन्यांनी गाडी कामठीच्या एकाला साडेचार लाखांत दिली, कारण मामाच्या गल्लीत ती वळतच नव्हती. टॅक्स मात्र पूर्ण 6 लाखांच्या किमतीवर भरावा लागला.

आता हेच कारच्या जागी घर धरा. नागपूरजवळ बेसाला 40 लाखांचा फ्लॅट लागला तर सेस धरून 12 लाख 48 हजार, तेही रोख, फ्लॅटची एक खोली तोडून तर टॅक्स भरता येत नाही ना. अमेरिकेत बक्षीस म्हणजे उत्पन्नच, पगारात मिळवून त्यावर टॅक्स, फेडरलचा, म्हणजे तिथल्या केंद्र सरकारचा, वरचा दर 37 टक्के, म्हणजे 20 लाख डॉलरचं घर लागलं तर साधारण 7 लाख डॉलर पुढच्या एप्रिलच्या आत उभे करायचे, काही राज्यांचा इन्कम टॅक्स वेगळा. पगारदार माणसाकडे कुठून येणार? रोख घेतली की निदान टॅक्स त्याच पैशातून जातो, कोणाकडे हात पसरावा लागत नाही, मला तर सगळं इथंच कळलं.

आणि टॅक्स एकदाच असतो, घर रोजचं. प्रॉपर्टी टॅक्स, इन्शुरन्स, एवढं मोठं घर थंड-गरम करायचं बिल (आपल्याकडे मे महिन्यात दोन कूलर लावले तरी बिल पाहून घाम फुटतो). 2005 चं घर टेक्सासमधल्या टायलरला होतं, तिथं राज्याचा इन्कम टॅक्सच नाही, जिंकणारं कुटुंब राहायलाही गेलं, तरी खर्च झेपला नाही आणि काही वर्षांतच घर हातचं गेलं. विकायचं म्हटलं तरी एजंटचं कमिशन, आणि बक्षिसाच्या कागदावर लिहिलेली किंमत देणारा गिऱ्हाईक भेटेलच असं थोडंच आहे.

शिवाय घर असतं कुठं? डोंगरात नाहीतर समुद्राकाठी. नोकरी इकडे, पोरांची शाळा इकडे, आईबाप इकडे. मला उद्या गोव्यात बंगला लागला तर मी काय करणार तिथं, तर्री पोहे कोण देईल?

बायकोला अजूनही पटलेलं नाही, ती म्हणते दोन वर्षं राहून तर पाहिलं असतं. मामा मात्र अजूनही कूपनं भरतो, फक्त बोर्ड नीट वाचून. मागच्या आठवड्यात इतवारीत एका दुकानात पहिलं बक्षीस फ्लॅट, तिसरं मिक्सर होतं. डब्यात चिठ्ठी टाकताना हात जोडून म्हणाला, "देवा, मिक्सरच लागू दे, 10 हजारांच्या आतला."