आत शून्य, बाहेर फरक

गेले दोन महिने एक विज्ञानकथा लिहितोय. त्यात एक तळघर आहे, तिथे वेळच हळू चालते, रोज बाहेरच्यापेक्षा साधारण 1 सेकंद मागे. ते पकडायला यंत्र हवं होतं, तर पहिल्या खर्ड्यात मी एक क्वार्ट्झ घड्याळ खाली ठेवलं, एक वर ठेवलं, दोघांत फरक पडला आणि झालं सिद्ध. मला ते तेव्हा पटलंही होतं.

मग परवा टेबलावर दोन सर्किट बोर्ड मांडले, दोन्हीवर क्वार्ट्झ घड्याळातला साधा क्रिस्टल, सेकंदाला 32,768 कंपनं करणारा (2 चा 15 वा घात, म्हणून 15 वेळा निम्मं केलं की बरोबर सेकंदाला एक टिक मिळते). दोघांच्या वेगातला फरक स्क्रीनवर बघत होतो आणि एका क्रिस्टलच्या त्या तांदळाएवढ्या पत्र्याच्या नळीवर बोट टेकवलं, तर आकडा सरकायलाच लागला. नुसत्या बोटाच्या उबेने! बोट काढलं, थोड्या वेळाने पुन्हा जागेवर.

हा क्रिस्टल साधारण 25 अंशांना सगळ्यात जलद असतो, गरम झाला तरी मागे पडतो आणि गार झाला तरी मागेच. हिशोब केला तर 6-7 अंशांच्या गार तळघरात असं घड्याळ दिवसाला जवळपास 1 सेकंद मागे पडणार. म्हणजे माझ्या तळघरात काही अजब नव्हतंच, थंडी होती.

आता गुरुत्वाकर्षणामुळे आणि वेगामुळे वेळ जागोजागी थोडी वेगळी चालते हे तर खरंच आहे. 1971 साली हाफेले आणि कीटिंग हे दोन शास्त्रज्ञ सीझियमची घड्याळं (म्हणजे अणूंवर चालणारी, फार अचूक) साध्या प्रवासी विमानांतून जगाभोवती फिरवून आले तेव्हा फरक नॅनोसेकंदांत निघाला, जीपीएसच्या उपग्रहांवरची घड्याळं जमिनीपेक्षा दिवसाला साधारण 38 मायक्रोसेकंद पुढे जातात, आणि 2010 मध्ये तर एक घड्याळ दुसऱ्यापेक्षा फक्त 33 सेंटिमीटर वर उचलून फरक मोजला गेला. पण या सगळ्यात एक गोष्ट कायम आहे, ती मला आधी सुचली नव्हती याचं वाईट वाटतं: गुरुत्वाकर्षण घड्याळ कशाचं आहे हे बघत नाही. क्वार्ट्झ असो, सीझियम असो, माणसाची नाडी असो, सगळं सारख्याच प्रमाणात मंदावतं. थंडीचं तसं नाही, ती क्वार्ट्झला एक धक्का देते आणि सीझियमला जवळजवळ काहीच नाही.

म्हणून यंत्र नव्याने रचलं. आता प्रत्येक पेटीत दोन वेगळ्या जातीची घड्याळं, एक क्वार्ट्झ, एक सीझियम, आणि अशा दोन पेट्या, एक तळघरात, एक वर, मधे केबल. पेटीच्या आत दोन घड्याळांत फरक दिसला तर ती थंडी, ओल, किंवा खराब सोल्डरिंग, काहीही असेल, वेळेचा दोष नक्की नाही. आत फरक शून्य आणि केबलवर दोन पेट्यांत फरक, तरच पुढे बोलायचं. यंत्राची खरी किंमत त्या शून्यात आहे असं मला मनापासून वाटतं.

काल तो प्रसंग पुन्हा लिहिला. कथेतली नायिका तळघरात कंदील घेऊन बसली आहे, तिला काहीच वेगळं जाणवत नाही, जाणवणारही नाही, कारण तिची नाडीसुद्धा तितकीच मंद आहे. पेटीवरचा आतला आकडा रात्रभर शून्यावर. शेजारचा, केबलवरचा आकडा मात्र वाढत चाललाय, आणि ती वही उघडून तारीख लिहिते.