सिडने, सिड आणि स्किगी

न्यूयॉर्कमधल्या एका ग्रंथालयात मी कॅटलॉगिंगचं काम करते आणि माझ्याकडे मुख्यतः नावं असतात. जुन्या पुस्तकांत, वर्तमानपत्रांत जी माणसं येतात, त्यांच्यातल्या प्रत्येकाची एकच पक्की नोंद हवी आणि एका नोंदीत दोन माणसं शिरता कामा नयेत, हे आमच्या विभागाने बघायचं. बाहेरून हे काम रुक्ष वाटतं. मला ते कधीच तसं वाटलं नाही, कारण नाव चुकलं की माणूसच सापडेनासा होतो.

गेल्या हिवाळ्यात एका संशोधकाची मेल आली. अमेरिकेतल्या मनोरंजन व्यवसायाच्या वृत्तपत्रांवर त्याचा प्रबंध चालू होता. तुमच्या कॅटलॉगप्रमाणे, त्याने लिहिलं होतं, सिडनी सिल्व्हरमन हे गृहस्थ १९०६ मध्ये ‘व्हरायटी’त परीक्षणं लिहितात, १९४०च्या दशकात त्याच पेपरच्या कंपनीचे अध्यक्ष असतात आणि १९८७ मध्ये तोच पेपर विकून टाकतात. हे एकाच माणसाला कसं जमलं?

नोंद उघडली. बाहेरून एकगठ्ठा घेतलेल्या माहितीबरोबर ती आमच्याकडे आली होती आणि तिच्यात बाप आणि मुलगा एकमेकांत मिसळून गेले होते. नाव ‘सिडनी’, प्रमाण इंग्रजी स्पेलिंगमध्ये. त्या घराण्यात हे स्पेलिंग कुणी वापरत होतं का, हा पहिला प्रश्न.

घराण्याची सुरुवात साइम सिल्व्हरमन यांच्यापासून. १८७३ चा जन्म, न्यूयॉर्क राज्यातल्या कॉर्टलंड गावचा, वडील सावकारी करणारे. साइम न्यूयॉर्क शहरात येऊन नाटकं आणि व्हॉडव्हिल यांच्यावर लिहू लागले. व्हॉडव्हिल म्हणजे गाणी, नकला, कसरती, जादू असं सगळं एकाच तिकिटात. १९०५ मध्ये त्यांनी एका कार्यक्रमाची खरमरीत टीका छापली. त्या कलाकारांनी पेपरला जाहिरात दिलेली होती, तेव्हा नोकरी गेली. मग सासऱ्यांकडून उसने पैसे घेऊन त्यांनी स्वतःचं साप्ताहिक काढलं. १६ डिसेंबर १९०५ चा पहिला अंक सोळा पानांचा होता, किंमत पाच सेंट. जाहिरात दिली म्हणून कुणाचं कौतुक छापायचं नाही, ही त्या पेपरची पहिल्या दिवसाची भूमिका होती. धंद्याचा पेपर धंद्यातल्या पैशांवरच जगतो, त्यामुळे असं म्हणायला फार मोठी छाती लागते, आणि मला साइमबद्दल आदर आहे तो यासाठी.

पेपरचं नावही बघण्यासारखं आहे. तेव्हा थिएटरमालकांना ‘व्हॉडव्हिल’ हा शब्द जास्त सभ्य वाटायचा. ‘व्हरायटी’ म्हटलं की दारूच्या गुत्त्यातले जुने खेळ आठवायचे. साइमनी तोच जुना शब्द उचलला. आपल्याकडे गणपतीत ‘व्हरायटी एंटरटेनमेंट’चे फलक लहानपणी पाहिलेल्या कुणालाही तो परका वाटणार नाही.

कागदपत्रं काढायला मी स्टॅकमध्ये, म्हणजे ग्रंथालयाच्या साठ्याच्या दालनात, गेले तेव्हा सोबत मावशी होत्या. त्या आमच्याकडे स्वयंसेवक म्हणून येतात. मूळच्या ठाण्याच्या, बेने इस्राएल म्हणजे कोकणातल्या ज्यू समाजातल्या, आता मुलाकडे क्वीन्सला. सगळं आयुष्य मराठीतच गेलं, त्यामुळे आमच्या विभागात दुपारच्या चहाला मराठी ऐकू येतं ते त्यांच्यामुळे.

“साइम म्हणजे आपला शिमोन गं,” त्या म्हणाल्या. बरोबर होतं. त्यांचं मूळ नाव सायमन, हिब्रूतलं शिमोन. उत्पत्तीच्या पुस्तकात लेआला दुसरा मुलगा होतो तेव्हा ती म्हणते, देवाने माझं ऐकलं, आणि त्याचं नाव शिमोन ठेवते. नावातच ऐकणं आहे. सिल्व्हरमन म्हणजे चांदीवाला. मध्य युरोपातल्या ज्यूंना कायमची आडनावं घ्यायला सरकारने भाग पाडलं ते बऱ्याच उशिरा. ऑस्ट्रियाच्या साम्राज्यात १७८७ च्या हुकुमाने. त्या लाटेत चांदी, सोनं, झाडं, फुलं यांच्यावरून कितीतरी आडनावं आली. काहींचा धंदा खरंच चांदीचा होता, काहींनी नुसतं छान वाटलं म्हणून घेतलं. आडनावावरून घराचा इतिहास सांगायला जाऊ नये, असं माझं मत आहे, आणि हे मी पोतदार आडनावाच्या घरात वाढून सांगते आहे. आमच्या पूर्वजांनी नाणी पारखली असतील. मी आजवर एकही पारखलेलं नाही.

मावशींच्या लोकांचं तर आडनावं घेणं अगदी आपल्यासारखं: कोकणातलं गाव आणि पुढे ‘कर’. पेणकर, चेऊलकर, किहीमकर. आणि जुन्या पिढ्यांत अब्राहमचा अबाजी होई, सॅम्युएलचा समाजी. पावती फाडणाऱ्याला तो ज्यू आहे हे नावावरून कळायचंही नाही.

मायक्रोफिल्म लावली आणि आधी शोधला तो ‘स्किगी’. पहिल्या वर्षीच्या अंकांत या नावाने परीक्षणं आहेत. लिहिणारा सात वर्षांचा, ‘जगातला सर्वांत लहान समीक्षक’ म्हणून जाहीर केलेला, साइमचा मुलगा. काय आवडलं, कुठे कंटाळा आला, एवढंच तो सांगतो, आणि मोठ्या समीक्षकांपेक्षा ते वाचायला जास्त मजा येते. त्या पेपरमध्ये परीक्षणाखाली पूर्ण नाव छापायची पद्धत नव्हती. टोपणनाव किंवा नावाचा तुकडा. संस्थापकांची सही ‘साइम’. एबल ग्रीन ‘एबल’. आल्फ्रेड रशफोर्ड ग्रीसन ‘रश’. पुढे पॅरिसहून लिहिणारे जीन मॉस्कोविट्झ ‘मॉस्क’. कॅटलॉगवाल्यांसाठी हा पेपर म्हणजे गाठोडंच असतं, प्रत्येक तुकड्यामागचा माणूस सोडवून काढायचा. पण नाटकवाल्यांना त्या तीन-चार अक्षरांचा धाक होता.

स्किगीचं खरं नाव काय, इथे नोंद अडकली होती. मग १९४०च्या दशकातले अंक लावले. आतल्या पानावर संपादकीय तपशिलाची लहानशी चौकट असते. वर पेपरचं नाव, खाली ‘संस्थापक साइम सिल्व्हरमन’, मग अध्यक्षांचं नाव, मग पत्ता, १५४ वेस्ट ४६ वा रस्ता. मी पडद्यावर ती चौकट मोठी केली. अध्यक्षांच्या नावात शेवटचं ‘वाय’ हे अक्षर नव्हतं. एस, आय, डी, एन, ई. बस. पुढचा अंक, तसंच. त्याच्या पुढचा, तसंच.

आमच्या विभागप्रमुख बाई तेवढ्यात येऊन उभ्या राहिल्या. त्या म्हणाल्या, छपाईची चूक असणार, प्रमाण स्पेलिंग ठेवू आणि पुढे जाऊ. मी जागची हलले नाही. छपाईची चूक एका आठवड्यात होते, दुसऱ्या आठवड्यात दुरुस्त होते. स्वतःच्याच पेपरात, स्वतःच्याच अध्यक्षाचं नाव दर आठवड्याला चुकीचं छापून कोणता कंपोझिटर टिकेल? तो माणूस स्वतःला असंच लिहीत होता. मग तेच त्याचं नाव. बाईंनी चौकट पुन्हा वाचली आणि म्हणाल्या, ठीक, पुरावा जोड.

आता मुलगा. सिडने यांनी मेरी सॅक्सन या संगीत नाटकांतल्या अभिनेत्रीशी लग्न केलं. मुलगा १९३२ मध्ये झाला आणि तो सिड म्हणूनच ओळखला गेला. बाप जिवंत असताना मुलाचं नाव जवळजवळ तेच! अश्केनाझी, म्हणजे मध्य आणि पूर्व युरोपातल्या, ज्यूंमध्ये जिवंत नातेवाइकाचं नाव सहसा बाळाला देत नाहीत. पण रिवाज सगळ्याच घरांत पाळतात असं नाही, आणि हे अंदाज नोंदीत टाकायचे नसतात.

साइम १९३३ च्या सप्टेंबरमध्ये लॉस एंजेलिसला वारले. हॉलिवूडसाठी वेगळं दैनिक, ‘डेली व्हरायटी’, त्याच महिन्यात सुरू झालं होतं. आजोबा आणि नातू यांची भेट पुरत्या दोन वर्षांचीही नाही. सिडने १९५० मध्ये गेले तेव्हा सिड अठराचा होता आणि एवढा मोठा पेपर त्या मुलाच्या नावावर आला. संपादनाचं ओझं एबल ग्रीन यांनी १९७३ पर्यंत, मरेपर्यंत, वाहिलं. सिड १९५६ पासून प्रकाशक झाले, आणि १९८७ मध्ये त्यांनी कंपनी विकली. २०१७ मध्ये ते वारले.

सगळं मांडल्यावर गाठ कशी पडली ते स्पष्ट झालं. तपशिलाच्या चौकटीत आधी ‘सिडने, अध्यक्ष’, नंतर ‘सिड, अध्यक्ष’. हुद्दा तोच, आडनाव तेच, पत्ता तोच, आणि ‘सिड’ हे कुठल्याही सिडनीचं लाडकं रूप. माहिती भरणाऱ्याने दोघांना एक केलं आणि वरून स्पेलिंगही सुधारलं. आपल्या कागदपत्रांत मधे बापाचं नाव असतं, म्हणून सिड सिडने सिल्व्हरमन आणि सिडने साइम सिल्व्हरमन असे दोघे पहिल्या नजरेत वेगळे झाले असते. रेशनकार्डावरचा तो मधला शब्द किती पिढ्यांचा घोळ वाचवतो, हे मला तिथे बसून कळलं.

नोंदी वेगळ्या केल्या. सिडनेची आता स्वतःची, ‘वाय’शिवाय, पर्यायी नावांत स्किगी. सिडची वेगळी. पुरावा म्हणून चौकटींच्या तारखा. संशोधकाला कळवलं.

मावशी मशीनजवळून उठल्या नव्हत्या. “आता आमचा डेव्हिड बघ,” त्या म्हणाल्या. म्हणजे ‘बूट पॉलिश’मधले जॉन चाचा, डेव्हिड अब्राहम चेऊलकर. पडद्यावर एकच नाव यायचं, डेव्हिड. आमच्या नोंदीतही तेवढंच होतं, आणि त्या नावाचे दुसरे कितीतरी डेव्हिड आजूबाजूला. चौलचा तो एक धागा नोंदीत कुठेच नव्हता. मावशींनी चष्मा पुसला, ‘चेऊलकर’मधल्या प्रत्येक अक्षराचं स्पेलिंग मला सांगितलं, आणि मी ते बदलू नये म्हणून टाइप होईपर्यंत पडद्यावरून नजर काढली नाही. जन्म-मृत्यूची वर्षंही घातली. दरम्यान संशोधकाचं उत्तर आलं होतं: ‘रश’ म्हणजे नक्की कोण, हे आपण त्याच सोबत बघू शकाल का? मी त्याला ग्रीसन यांचं पूर्ण नाव पाठवलं आणि मावशींनी तोवर ‘आलम आरा’ लिहिणाऱ्या जोसेफ डेव्हिड पेणकरांची नोंद शोधायला सांगितली.